साक्षीदार फितूर झाला म्हणजे खोटी साक्ष दिली का?

अमळनेरहून एका वाचकाने विचारलंय : "पेपरात 'फितूर साक्षीदारावर शपथभंगाचा गुन्हा दाखल होणार' असं छापून आलं होतं. साक्ष फिरवणं, फितूर होणं आणि शपथभंग हे तिन्ही एकच का?"

एकच नाही. 'फितूर' हा गडकिल्ल्यांच्या काळातला शब्द. खानदेशच्या फारुकी सुलतानांचा असीरगड १६०१ साली अकबराकडे गेला, तो आतली माणसं पैशाने फोडून, असं सांगतात. ती फितुरी. म्हणजे हा शब्द उच्चारला की लाच आणि शत्रूचा गोट आलाच. कायदा तसं काही म्हणत नाही. भारतीय साक्ष अधिनियमाचं कलम १५७ (जुन्या कायद्यातलं १५४) इतकंच सांगतं की, स्वतः बोलावलेल्या साक्षीदारालाही न्यायालयाच्या परवानगीने उलटतपासणीसारखे प्रश्न विचारता येतात. 'फितूर' हा शब्द त्या कलमात नाहीच. शिवाय फितूर ठरला म्हणून त्याची अख्खी साक्ष बाद होत नाही. पटेल तेवढा भाग न्यायालय घेऊ शकतं. आपल्या अहिराणीतलं 'साक्षीदार पलटी गया' मला जास्त नेमकं वाटतं. पलटला एवढंच. पैशाने, धाकाने की भाऊबंदकीपायी, ते त्याचं त्याला ठाऊक.

खरी मेख आहे 'जबाब' या शब्दात. पोलिसांकडे देतात तोही जबाब आणि कोर्टात देतात तोही जबाबच! पण तपासात पोलिसांनी टिपून घेतलेल्या जबाबाला शपथ नसते आणि त्यावर साक्षीदाराची सही घ्यायची नाही, असं कायदाच सांगतो. समजा, रावेरकडे केळीच्या बागेत मारामारी झाली. एकाने पोलिसांना सांगितलं, 'मी पाहिलं', आणि जळगावच्या सेशन कोर्टात म्हणाला, 'मी तिथे नव्हतोच.' तो फितूर घोषित होईल, पण तेवढ्याने शपथेवर खोटं बोलला असं ठरत नाही. जबाब पोलिसांनीच मनाने लिहिला नसेल कशावरून? कोर्टातलं बोलणं जाणूनबुजून खोटं होतं, हे वेगळं शाबित करावं लागतं.

दोन्ही वेळा शपथेवर बोलला असेल तर मात्र तो अडकतो. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी खटले कसे चालवायचे ते सांगणाऱ्या कायद्याच्या) कलम २४४ खाली याचं उदाहरणच दिलंय : मॅजिस्ट्रेटपुढे शपथेवर सांगितलं, 'त्याने सोट्याने मारलं', सेशनला शपथेवरच सांगितलं, 'मारलंच नाही.' यातलं खोटं कुठलं, हे शाबित झालं नाही तरी त्याला दोषी धरता येतं. एक तर खोटं असणारच की!

राहिला 'शपथभंग'. मराठीत शपथ मोडते ती पुढच्या वागण्याची, दारू सोडल्याची वगैरे. कायद्याच्या मराठीत या गुन्ह्याला 'खोटा पुरावा देणे' म्हणतात. न्यायालयीन कामात तो केला तर सात वर्षांपर्यंत कैद. पण 'पुरावा' म्हटलं की लोकांना जप्त केलेली कुऱ्हाड आठवते, म्हणून बोलताना 'खोटी साक्ष' बरं. आणि 'गुन्हा दाखल' तर इथे बसतच नाही. याची तक्रार पोलीस ठाण्यात नोंदवून खटला उभा राहत नाही. ती न्यायालयानेच लेखी करायची असते, तीही न्यायहितासाठी गरजेचं वाटलं तर.

तेव्हा ती बातमी अशी हवी होती : 'साक्ष फिरवली, खोट्या साक्षीबद्दल न्यायालय चौकशी करणार.'