कॉलेजच्या फुटबॉल टीमच्या नव्या कॅप्टनला

प्रिय मित्रा,

कोल्हापुरात पेठेच्या टीमचा हंगाम पाऊस सरल्यावर सुरू होतो आणि उन्हाळ्यापर्यंत चालतो. तिथं लीगमधला एक सामना गेला तर भरून काढायला पुढचा असतो. कॉलेजचं गणित वेगळं. विद्यापीठाच्या विभागीय स्पर्धा साधारण पावसाळ्याच्या उत्तरार्धात लागतात, मैदान ओलं असतं, सामने बाद पद्धतीचे असतात. एका दुपारी हरलात की तिथंच वर्ष संपतं. त्यामुळं तुझं बरंचसं काम पहिल्या शिट्टीच्या आधीचं आहे.

सुरुवात जिमखान्यातल्या फाईलपासून कर. चांगल्या टीम मैदानावर हरण्याआधी कागदपत्रांच्या टेबलावर हरतात, आणि ते फार जिव्हारी लागतं. प्रवेश पक्के झाले की लगेच २२ जणांची कागदपत्रं गोळा करायला घे: जन्मतारखेसाठी दहावीचं प्रमाणपत्र, बारावी आणि मागच्या वर्षीची गुणपत्रिका, चालू वर्षाची फी पावती, ओळखपत्र, फोटो. मधलं वर्ष सुटलं असेल तर गॅप सर्टिफिकेट लागतं, दुसऱ्या विद्यापीठातून आला असेल तर मायग्रेशन. खरी गोची नावात होते. दहावीला एक स्पेलिंग, आधारवर दुसरं, कॉलेजच्या यादीत वडिलांचं नाव गाळलेलं. हे सामन्याच्या दिवशी सुधारता येत नाही, त्याला आठवडे लागतात. वयाची आणि वर्षांची अट यंदाच्या परिपत्रकात काय आहे, ते फिजिकल डायरेक्टर सरांसोबत बसून स्वतः वाच. मागच्या वर्षीच्या आठवणीवर जाऊ नकोस. प्राचार्यांची सही आणि शिक्का झाला की प्रत्येक अर्जाच्या दोन झेरॉक्स काढ आणि प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये ठेव. पावसात भिजलेला कागद कुणी स्वीकारत नाही.

आता पेठांचं, म्हणजे तिथल्या तालमींच्या टीमचं. तुझ्या टीममध्ये पाटाकडीलचा हाफ असेल, खंडोबाचा बॅक, दिलबहारचा फॉरवर्ड, कदाचित बालगोपालचा कीपर. शाहू स्टेडियमवर हीच पोरं एकमेकांना भिडतात आणि मागच्या हंगामातला एखादा फाऊल डोक्यात ठेवून कॉलेजच्या सरावाला येतात. त्यावर भाषण देऊन काही होत नाही, जोड्या लावून होतं. वॉर्मअपला, पासिंगला, पोटऱ्या ताणायला प्रत्येक वेळी वेगळ्या पेठेची दोन पोरं एकत्र ठेव. सेंटर बॅकची जोडी पहिल्या आठवड्यात ठरव आणि शक्यतो मोडू नकोस, कारण ऑफसाईडची रेषा धरणं, म्हणजे समोरचा फॉरवर्ड ऑफसाईड सापडावा म्हणून एका ओळीत राहणं, हे दोघांच्या सवयीचं काम आहे. तालमीच्या टीमचा सरावही चालू असेल तर त्यांच्या कोचना जाऊन भेट, अदबीनं बोल आणि कोणत्या दिवशी जोराचा सराव कुठं ते वाटून घे. एकाच दिवशी दोन्हीकडं पळालेला पोरगा तिसऱ्या आठवड्यात मांडी धरून बसतो.

सरावाला आठ आठवडे धर, आठवड्यातून तीन दिवस, दीड दीड तास. पहिली २० मिनिटं फिफा ११+ हा वॉर्मअप पूर्ण कर: आठ मिनिटं हलकं पळणं, दहा मिनिटं ताकद आणि तोल, शेवटची दोन मिनिटं वेगात. आठवड्यातून निदान दोनदा नेमानं केला तर दुखापती खरोखर कमी होतात. पोरांना तो कंटाळवाणा वाटतो आणि कॅप्टन बघत नसेल तर निम्मा गाळला जातो, म्हणून तू पुढं उभा राहा. मांडीच्या मागच्या स्नायूसाठी नॉर्डिक: गुडघ्यावर बसायचं, जोडीदारानं घोटे दाबून धरायचे, अंग सरळ ठेवून सावकाश पुढं झुकायचं. पहिल्या आठवड्यात एकच दिवस, पाचाचे दोन सेट. मग दर आठवड्याला वाढवत तीन सेट, आठ ते दहापर्यंत. एकदम जास्त केलंस तर दोन दिवस पोरांना जिना उतरवत नाही आणि मग कुणी त्याचं नावही काढत नाही. दमासाठी मैदानाला नुसत्या फेऱ्या मारू नका. चार विरुद्ध चार, छोटं मैदान, चार मिनिटं जीव तोडून खेळ, तीन मिनिटं चालणं, असं चार वेळा. यात चेंडूही पायाशी राहतो.

चिखलाचा सराव चिखलातच होतो. पाऊस आला म्हणून सुट्टी देऊ नकोस, वीज कडाडली तर मात्र लगेच मैदान सोडायचं. गोलसमोर आणि मधल्या वर्तुळात गवत घासून गेलेलं असतं, तिथं जमिनीवरचा पास मध्येच मरतो. कडेला गवत टिकतं, म्हणून चेंडू कडेनं न्यावा. ओल्या गवतावर टप्पा पडलेला चेंडू सरपटत वेग घेतो आणि डबक्यात पडलेला जागीच थांबतो. बॅकनी हा फरक डोळ्यांनी शिकायला हवा. कीपरकडं मागं पास द्यायचा तर गोलच्या खांबांच्या बाहेरच्या बाजूला द्या, मधोमध कधीच नको. कीपरनं ओला चेंडू छातीशी धरण्याचा हट्ट सोडून कडेला ढकलावा आणि खालच्या चेंडूमागं गुडघा टेकवून अंग आणावं. जुलै २०२५ पासूनच्या नियमानुसार कीपरनं चेंडू आठ सेकंदांपेक्षा जास्त हातात ठेवला तर समोरच्यांना कॉर्नर मिळतो. वेळ काढायची जुनी सवय त्याला आताच मोडायला लाव.

बुटांना लांब, पेचाचे स्टड असावेत. पाना आणि दहाबारा सुटे स्टड पिशवीत ठेव. झिजून धार आलेला स्टड पंच चालवून घेणार नाहीत. भिजलेल्या बुटात वर्तमानपत्र कोंबून सावलीत वाळवा. उन्हात किंवा चुलीजवळ ठेवले की तळ उकलतो. नडगीवरचं शिनगार्ड नसेल तर खेळता येत नाही, दोन जोड जादा ठेव.

सामन्याआधी चेंडू घेऊन मैदानभर फिर, पाचसहा ठिकाणी छातीच्या उंचीवरून सोडून बघ. टॉस जिंकलास तर पहिल्या अर्ध्यात कुठल्या गोलवर चढाई करायची ते निवडता येतं. ढग भरून आले असतील तर मैदान बरं असतानाच चांगल्या बाजूनं चढाई कर, दुसऱ्या अर्ध्यात तिथं राड झालेला असेल.

बरोबरी झाली की टायब्रेकर, म्हणजे पेनल्टीवर निकाल, आणि बाद स्पर्धेत त्याला कोणतीही टीम चुकत नाही. प्रत्येक सरावाच्या शेवटी, पाय जड झाल्यावर, प्रत्येकानं दोन पेनल्टी माराव्यात. तू वहीत लिहून ठेव: कोण, कुठल्या कोपऱ्यात, गेली की अडली. पाच आठवड्यांची वही तुला खरं सांगते, ऐन वेळी कोण छाती पुढं काढतो यावर यादी करू नकोस. अकरा जणांचा क्रम आदल्या दिवशी ठरलेला असावा, कारण पाचानंतरही बरोबरी राहू शकते. शेवटच्या शिट्टीच्या वेळी मैदानावर असलेलेच मारू शकतात, म्हणून शेवटच्या दहा मिनिटांत बदली करताना वही आठव. किक लागताना कीपरचा निदान एक पाय गोलच्या रेषेवर, रेषेच्या वर हवेत किंवा रेषेमागं असावा लागतो, दोन्ही पाय पुढं आले तर अडवलेली पेनल्टी पुन्हा मारावी लागते.

जेवण सामन्याआधी तीनचार तास: भात, आमटी, चपाती, केळ. मिसळ आणि रस्सा संध्याकाळी. ऑक्टोबरचं ऊन लागलं तर ओआरएसची मोठी पुडी एका लिटर पाण्यात, कमी पाण्यात नको.

घोटा मुरगळला की बूट काढून बर्फ, पण थेट कातडीवर लावू नका. चार पावलं चालता येत नसेल किंवा घोट्याच्या हाडावर मागून दाबल्यावर कळ येत असेल तर एक्स-रे काढायचा, मालिश अजिबात नको. डोक्याला मार लागून कुणी क्षणभरही गोंधळला तर त्या दिवशी त्यानं परत उतरायचं नाही. तो स्वतः "मी बरा आहे" म्हणेल, टीम हरत असेल, बाकावर कुणी नसेल, तरीही. हा निर्णय तुझा आहे आणि यात माघार घेऊ नकोस.

तुम्ही स्पर्धेतून बाहेर पडलात तरी विद्यापीठाच्या निवड चाचणीची तारीख सरांकडून घे. पश्चिम विभागीय आंतरविद्यापीठ स्पर्धेचा संघ तिथून निघतो, आणि हरलेल्या टीममधला चांगला पोरगा नेमका त्या आठवड्यात सराव सोडून बसलेला असतो. त्याला घरी जाऊन उठव. मग जर्सी मोजून, धुऊन जिमखान्यात जमा कर. पहिल्या आणि दुसऱ्या वर्षाच्या पोरांची कागदपत्रं आणि पेनल्टीची वही एका पिशवीत घालून पुढच्या वर्षाच्या कॅप्टनसाठी सरांच्या कपाटात ठेव.