फिनिश उच्चार शिकताना इंग्रजीची सवय कशी मोडायची?

तुम्ही लिहिलंय की नोकरीसाठी फिनलंडला जायचं आहे, इंग्रजी पुस्तकावरून फिनिश वाचायला जमतं, पण ऑनलाइन वर्गातल्या बाई सारखं ‘पुन्हा म्हणा’ म्हणतात. नेमकं चुकतंय कुठे?

मी आठ वर्षं फिनलंडमधल्या तांपेरेत राहते. माझ्या मते तुमची अक्षरं चुकत नसणार, वेळ चुकत असणार. फिनिशमध्ये जवळजवळ प्रत्येक अक्षराचा एकच उच्चार असतो, म्हणून वाचन लवकर येतं. पण अक्षर दोनदा लिहिलेलं असेल तर ते लांबवायचंच, आणि त्यावर अर्थ ठरतो. ‘तुलि’ म्हणजे आग, ‘तूलि’ म्हणजे वारा आणि ‘तुल्लि’ म्हणजे विमानतळावरचं कस्टम्स. ‘तापाऽन सिनुत हुओमेन्ना’ म्हणजे ‘उद्या तुला भेटते’. त्यातला ‘पाऽ’ आखूड झाला की ‘उद्या तुला ठार मारते’.

इंग्रजीची सवय इथेच आड येते. इंग्रजीत ज्या भागावर जोर, तोच लांबतो आणि बाकीचे स्वर गिळले जातात. फिनिशमध्ये जोर कायम शब्दाच्या पहिल्या भागावर आणि लांबी कुठेही, अगदी शब्दाच्या शेवटीसुद्धा. म्हणजे जोर आणि लांबी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आमच्या वर्गात बाईंनी प्रत्येकाला एकेक रबरबँड दिला होता. दुहेरी अक्षर आलं की ताणायचा, एकेरी आलं की सैल सोडायचा. पहिले दोन आठवडे मी नुसती तेवढंच करत होते, आणि कानाला खरी सवय त्यानेच लागली.

दुहेरी व्यंजनं तुम्हाला जड जायला नकोत. ‘मका’ आणि ‘मक्का’ यांत आपण कधी गोंधळत नाही. ‘कुका’ म्हणजे कोण आणि ‘कुक्का’ म्हणजे फूल, तसंच ते. मात्र इ आणि उ यांच्याबाबतीत आपणही सावध राहायला हवं. ‘दिन’ आणि ‘दीन’ आपण लिहितो वेगळं, बोलतो सारखंच. आणखी एक अडचण देवनागरीची. फिनिशमधला आखूड ‘आ’ म्हणजे आपला ‘अ’ नव्हे. तोंड ‘आ’साठीच उघडायचं, फक्त लगेच आवरायचं. त्याला आपल्याकडे चिन्ह नाही, म्हणून मी इथे आखूडसाठी ‘आ’ आणि लांबसाठी ‘आऽ’ लिहितेय. फिनिश शब्द वहीत देवनागरीत उतरवू नका, मूळ स्पेलिंगच डोळ्यांसमोर ठेवा.

त, प, क अगदी मराठीसारखे, हवा न सोडता म्हणायचे. ट नकोच: गाव ‘टॅम्पेरे’ नाही, ‘तांपेरे’, आणि आभार मानताना ‘कीटोस’ नाही, ‘कीतोस’. ‘जे’ अक्षराचा उच्चार य. र नीट खणखणीत म्हणायचा, शब्दाच्या शेवटीही.

नवे स्वर दोनच. ‘वाय’ या अक्षरासाठी तोंडात ‘ई’ म्हणा आणि जीभ तिथेच ठेवून ओठ शिट्टी वाजवताना करतो तसे गोल करा. तसंच ‘ए’ म्हणत ओठ गोल केले की दोन टिंबांचा ‘ओ’ (ö) होतो. दोन टिंबांचा इंग्रजी ‘ए’ (ä) म्हणजे आपल्या ‘बॅट’मधला ॲ, जरा जास्त तोंड उघडून. तो टाळून चालत नाही, कारण ‘साऽरि’ म्हणजे बेट आणि ‘सॅऽरि’ म्हणजे नडगी.

‘ह’ मला सगळ्यात उशिरा जमला. संस्कृतातल्या ‘जिह्वा’चं मराठीत आपण ‘जिव्हा’ केलं, ह मागे ढकलला. त्याच सवयीने मी कॉफीला ‘काव्हि’ म्हणायचे. शब्द आहे ‘काह्वि’: आधी ह स्पष्ट ऐकू यायला हवा, मग व. ‘लाह्ति’ या शहराच्या नावातही तेच. (व मात्र आपलाच, इंग्रजीसारखे दात ओठावर घासायचे नाहीत.)

लिहिल्याप्रमाणे वाचायचं या नियमाला एक अपवाद लवकरच भेटेल. ‘तेर्वेतुलोआ’ म्हणजे स्वागत, पण म्हणताना ते ‘तेर्वेत्तुलोआ’ होतं. काही शब्दांच्या शेवटच्या ‘ए’नंतर पुढचं व्यंजन असं आपोआप दुहेरी होतं, लिखाणात ते दिसत नाही. वाटाण्याच्या सूपलाही ‘हेर्नेक्केइत्तो’ म्हणतात, लिहितात मात्र एकाच क ने.

जाण्यापूर्वी रोज फिनलंडच्या सार्वजनिक प्रसारण संस्थेच्या, युलेच्या, सोप्या फिनिशमधल्या बातम्या ऐका. निवेदक सावकाश बोलतात. एकच वाक्य निवडा, थांबवून मोठ्याने म्हणा, स्वतःचा आवाज रेकॉर्ड करून दोन्ही शेजारी ठेवून ऐका. आणि ‘युले’ म्हणतानाच ओठ गोल करायला सुरुवात करा, त्यातला पहिला स्वर तो ‘वाय’वालाच आहे.