५० पट पळवलेली घडी

प्रश्न: सर, मी पॉलिटेक्निकच्या दुसऱ्या वर्षाला आहे. माझी अम्मा अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या टॉवेल कारखान्यात घडी घालते, १९ वर्षं झाली. भावाने तिला मोबाइलवर व्हिडिओ दाखवला. दोन हातांचा रोबो ढिगातून टॉवेल उचलतो आणि चटाचट घड्या घालतो. तेव्हापासून ती रोज विचारते, "आमचं काम आता किती दिवसांचं?" घरात कॉम्प्युटर शिकणारी मी एकटीच, म्हणून उत्तर मी द्यायचं. काय सांगू?
(एक वाचक, भवानी पेठ, सोलापूर)

उत्तर: तो व्हिडिओ परत लाव आणि त्यावरचा आकडा अम्माला दाखव. तू म्हणतेस तो बर्कलीचा जुना व्हिडिओ असेल, तर त्यावर '५०एक्स' लिहिलेलं सापडेल. म्हणजे तो ५० पट पळवलाय.

२०१० साली कॅलिफोर्निया विद्यापीठात, बर्कलीला, पीटर अबील आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी हे काम केलं. रोबोचं नाव पीआर-२. एका टॉवेलला त्याला सरासरी २५ मिनिटं लागायची. पळवल्यावर ती अर्ध्या मिनिटात दिसतात. मी इथल्याच एका पॅकिंग खात्यात एकदा घड्याळ लावून उभा राहिलो होतो. बायकांना एका टॉवेलला नऊ-दहा सेकंद लागत होते, तेही सुनेच्या तक्रारी सांगता सांगता.

तरी त्या रोबोला हसू नकोस. ५० पैकी ५० वेळा त्याने घडी बरोबर घातली, आणि ते टॉवेल त्याला नवे होते. कापड म्हणजे रोबोची डोकेदुखी. लोखंडी पट्टी कशीही ठेवली तरी पट्टीच राहते. ढिगातला टॉवेल मात्र दर वेळी नव्या आकाराचा, कोपरे कुठे दडलेत पत्ता नाही. रोबो तो मिळेल तिथे धरून उचलायचा, कॅमेऱ्यापुढे गोल फिरवायचा, कड टोकदार वळलेली दिसली की तो कोपरा असावा असं धरायचा आणि वेगवेगळ्या बाजूंच्या फोटोंवरून ताडून बघायचा. मग दुसरा हात पुढे. चुकला की पुन्हा फिरवणं. २५ मिनिटं यातच जायची. अम्मा एक झटका देते आणि दोन्ही कोपरे तिच्या चिमटीत आलेले असतात, नजर दुसरीकडेच.

तोंडी परीक्षेसाठी एक लक्षात ठेव. त्या घडीत 'शिकणं' फारसं नव्हतं, मुख्यतः भूमिती होती. शिकणं नंतर आलं. २०१५ साली अबील यांच्याच गटाचा रोबो चुकत चुकत बाटलीला झाकण बसवायला शिकला. २०२४ साली फिजिकल इंटेलिजन्स या अमेरिकन कंपनीने ड्रायरमधून कपडे काढून घड्या घालणारा रोबो दाखवला. त्याच्या शिक्षणासाठी आधी माणसांनी रोबोचे हात दुरून चालवले, त्या हालचालींची नोंद झाली आणि मग त्यावरून रोबोला चालवणारं मॉडेल, म्हणजे कॉम्प्युटर प्रोग्राम, तयार झालं. थोडक्यात, माणसाच्या हाताची शिकवणी.

आता अम्माचा प्रश्न. "काही होणार नाही" असं सांगू नकोस, ते खोटं ठरेल. कापड जिथे ताणलेलं असतं तिथे यंत्र आधी येतं, हा माझा ठोकताळा. रोलवरून सरळ येणारा टॉवेल कापून कड शिवणारी यंत्रं कधीची आली आहेत, कारण तिथे कोपरा शोधावा लागतच नाही. कापड सुटं होऊन ढिगात पडलं की यंत्र अडखळतं, आणि अम्मा नेमकी त्या जागेवर आहे. म्हणून मला तिच्याआधी शिलाईवाल्यांची काळजी वाटते.

शिवाय ती नुसती घडी घालत नाही. एखादा लूप ओढला गेलाय, तेलाचा डाग आहे, काठ वाकडा आहे, हे हाताला कळतं आणि तो टॉवेल 'सेकंड'मध्ये, म्हणजे दुय्यम मालात जातो. कॅमेऱ्याला हे शिकवायचं तर शेकडो फोटो लागतात आणि प्रत्येकावर 'फर्स्ट' की 'सेकंड' हे कुणीतरी सांगावं लागतं. ते तुझ्या प्राध्यापकांना सांगता येणार नाही, मलाही नाही. मालकांची परवानगी मिळाली तर शेवटच्या वर्षाचा प्रोजेक्ट हाच कर. फोटो तू काढ, निवाडा अम्मा देईल. तिचा रोज बुडणार नाही एवढं बघ, आणि अहवालावर तिचंही नाव घाल.

प्रश्न: चादरीच्या जॅकार्डवरून कॉम्प्युटर निघाला म्हणतात. खरं की सोलापूरकरांची फुशारकी?
(एक वाचक, साखर पेठ)

उत्तर: कॉम्प्युटर निघाला म्हणणं जास्तीचं होईल, पण नातं खरं आहे. जॅकार्ड हा फ्रान्समधल्या लिऑनचा माणूस, मागावर नक्षी विणणारं त्याचं यंत्र १८०४ सालचं. कोणते उभे धागे उचलायचे ते पुठ्ठ्यावरची भोकं सांगतात, एका आडव्या धाग्याला एक पुठ्ठा, आणि सगळ्या पुठ्ठ्यांची माळ. हे भोकांचे पुठ्ठे इंग्रज गणिती चार्ल्स बॅबेजने आपल्या गणनयंत्राच्या आराखड्यात घेतले. १८९० सालची अमेरिकेची जनगणनाही भोकांच्या कार्डांवर मोजली गेली. फरक इतकाच की पुठ्ठा शिकत नाही, सांगितलं तेवढंच करतो.

माझे वडील जॅकार्डवर होते. एकदा एका पुठ्ठ्याला नको तिथे भोक पडलं आणि प्रत्येक चादरीत मोराच्या मानेवर, त्याच जागी, एक पांढरा ठिपका यायला लागला. वडिलांनी मोराच्या पायापासून आडवे धागे मोजत नेले, माळेतला तेवढ्याव्या नंबरचा पुठ्ठा काढला आणि भोकावर कागद चिकटवला.