एलपी, ईपी आणि ७८च्या तबकड्यांसाठी परवडणारे टर्नटेबल कोणते घ्यावे, आणि कार्ट्रिज बदलल्याने खरोखर फरक पडतो का?

आपण लिहिले आहे की वडिलांनी जमवलेल्या संग्रहात मुख्यतः शास्त्रीय गायनाच्या आणि नाट्यसंगीताच्या एलपी आहेत, भावगीतांच्या काही सात इंची ईपी आहेत आणि थोड्या ७८च्या (मिनिटाला ७८ फेऱ्यांच्या) तबकड्याही आहेत. चाळीस हजारांच्या आत टर्नटेबल घ्यायचे आहे आणि पुढे सवडीने कार्ट्रिज (सुई ज्याला जोडलेली असते आणि जे तिची कंपने विजेच्या संकेतात बदलते, तो भाग) सुधारायचे आहे. माझा सल्ला असा की ज्याची सुई पुढे बदलता येईल आणि जिचा भार स्वतः मोजून लावता येईल, असेच यंत्र घ्यावे, आणि सगळी रक्कम यंत्रावर संपवू नये. आपल्या संग्रहातले गाणे कसे ऐकू येईल, हे सुईच्या टोकावर आणि ती किती काळजीपूर्वक बसवली आहे यावर फार मोठ्या प्रमाणात ठरते.

याचे कारण ख्यालाच्या एलपीतच आहे. बहुतेक वेळा एका बाजूला एकच राग असतो. विलंबित बंदिश तबकडीच्या कडेपासून सुरू होते आणि द्रुत बंदिश लेबलाजवळ येऊन संपते. तबकडी मिनिटाला ३३⅓ फेऱ्या या एकाच गतीने फिरत असली, तरी कडेच्या खाचेतून सुई सेकंदाला सुमारे ५० सेंटिमीटर अंतर कापते आणि लेबलाजवळच्या खाचेतून जेमतेम २० ते २१ सेंटिमीटर. म्हणजे एका सेकंदाचे गाणे शेवटी निम्म्याहूनही कमी लांबीत बसवलेले असते, खाचेची वळणे दाट होतात, आणि साध्या गोल टोकाची सुई त्या वळणांत पूर्ण शिरू शकत नाही. गीतांच्या तबकडीत शेवटी एखादे संथ गाणे ठेवून ही अडचण कमी करता येते. ख्यालात तशी मोकळीक नसते. तार सप्तकातल्या ताना, सरगम आणि द्रुत तीनताल असे सगळे अवघड काम नेमके शेवटच्या पाच-सात मिनिटांतच येते. त्या जागी गायकाचा ‘आ’कार फाटल्यासारखा वाटणे आणि ‘स’, ‘श’ ही अक्षरे थुंकल्यासारखी ऐकू येणे हा दोष अनेकदा तबकडीचा मानला जातो, पण पुष्कळदा तो सुईच्या टोकाचा किंवा कार्ट्रिजच्या कोनाचा असतो. म्हणूनच आपल्यासारख्या श्रोत्याला सुईच्या टोकाचा आकार अधिक महत्त्वाचा आहे, असे मी आग्रहाने म्हणतो.

दुसरी कसोटी तंबोऱ्याची आहे. वेगात किंचित जरी हेलकावा असला, तरी तालवाद्यांनी भरलेल्या गाण्यात तो झाकला जातो; तंबोऱ्याच्या अखंड नादात आणि लांब धरलेल्या षड्जात मात्र तो लगेच कळतो. सूटकेसच्या आकाराचे जे स्वस्त प्लेअर सर्वत्र दिसतात, त्यांच्याबद्दल माझे पहिले म्हणणे हेच आहे. त्याखेरीज त्यांत सिरॅमिक कार्ट्रिज असते, काउंटरवेट (सुईचा भार ठरवणारे मागचे वजन) नसते, आणि सुईचा भार अनेकदा पाच ग्रॅम किंवा त्याहून अधिक असतो. वडिलांच्या तबकड्या त्यावर लावू नयेत.

ऑडिओ-टेक्निकाचे एटी-एलपी६०एक्स हे प्रामाणिक आणि पूर्णतः स्वयंचलित यंत्र आहे. केवळ एलपी अधूनमधून ऐकणाऱ्या कोणालाही मी ते सुचवीन. पण त्यात भार बदलता येत नाही, कार्ट्रिज काढून दुसरे बसवता येत नाही आणि ७८चा वेगही नाही. सुधारणेची वाट जिथे सुरू व्हायची, तिथेच ती बंद होते. आपल्या गरजा पाहता त्याच कंपनीचे एटी-एलपी१२०एक्स अधिक योग्य आहे. त्यात ३३, ४५ आणि ७८ हे तिन्ही वेग मिळतात, काउंटरवेट आणि अँटिस्केट (सुई आतल्या बाजूला ओढली जाऊ नये म्हणून केलेली योजना) आहे, वेग थोडा कमी-जास्त करण्याची सरकपट्टी आहे, आणि मुख्य म्हणजे हेडशेल (कार्ट्रिज ज्यावर बसते तो पुढचा भाग) फिरवून काढता येते. त्याच्यासोबत येणारे एटी-व्हीएम९५ई हे कार्ट्रिज पुढच्या सुधारणांचा पाया ठरू शकते. संग्रहात केवळ एलपी आणि ईपी असत्या, तर रेगाच्या प्लॅनर १चाही विचार करा असे मी म्हटले असते, कारण त्याचा टोनआर्म (कार्ट्रिज धरणारा दांडा) उत्तम आहे. पण त्यात ७८ नाही आणि हेडशेलही काढता येत नाही. पट्ट्याने फिरणारे यंत्र चांगले की थेट मोटरने फिरणारे, या वादात मी आपला वेळ घेणार नाही. या किमतीत दोन्ही प्रकारची चांगली यंत्रे मिळतात.

जुने यंत्र घेण्याचा मोह मुंबईतल्या चोर बाजारात किंवा पुण्याच्या जुन्या बाजारात गेलेल्या प्रत्येकाला होतो, आणि तो गैर नाही. मात्र जपानमधून आलेले यंत्र बहुधा १०० व्होल्टचे असते. त्याला आपल्या २३० व्होल्टवर चालवण्यासाठी स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर लागतो. शिवाय काही जुन्या मोटरांची गती विजेच्या वारंवारितेवर ठरते, त्यामुळे यंत्र ५० हर्ट्झसाठीच आहे की नाही हे मागच्या पट्टीवर वाचून घ्यावे. रबरी पट्टा कडक झालेला असतो असे धरून चालावे, आणि सुईचा तर भरवसा धरूच नये. ती किती तास चालली आहे हे विकणाऱ्यालाही ठाऊक नसते.

आता कार्ट्रिज. व्हीएम९५ या मालिकेची मोठी सोय ही की कार्ट्रिजचे धड तेच राहते आणि पुढचा सुईचा भाग बोटाने ओढून काढून दुसरा बसवता येतो. ‘ई’ म्हणजे लंबवर्तुळाकार टोक. ‘सी’ म्हणजे गोल टोक. ‘ईएन’ म्हणजे अखंड हिऱ्याचे लंबवर्तुळाकार टोक. आणि ‘एमएल’ म्हणजे मायक्रोलिनिअर, जे खाचेच्या बारीक वळणांपर्यंत पोहोचते. आधी ‘ई’ सुई मनसोक्त वापरावी. ती झिजली की मधल्या ‘ईएन’वर न थांबता सरळ ‘एमएल’ घ्यावी, असे माझे ठाम मत आहे. वर सांगितलेली द्रुत बंदिशीची अडचण सर्वांत जास्त तिनेच कमी होते. खर्चाचा हिशेबही तिच्याच बाजूचा आहे: कंपनी लंबवर्तुळाकार सुईचे आयुष्य सुमारे ३०० तास आणि मायक्रोलिनिअरचे सुमारे १००० तास सांगते. त्यामुळे आज महाग वाटणारी सुई तासाच्या हिशेबाने तितकी महाग राहत नाही. माझ्या घरी ‘ई’च्या जागी ‘एमएल’ लावली, तेव्हा विलंबितात फारसा फरक जाणवला नाही. बाजू संपत आली तेव्हा मात्र तानेतला एकेक स्वर सुटा ऐकू येऊ लागला आणि तबल्याच्या किनारीचा आवाज स्वच्छ झाला.

ऑर्टोफोनच्या २एम रेडबद्दल आपण विचारले आहे. तेही चांगले कार्ट्रिज आहे, आणि त्याच धडावर पुढे २एम ब्लूची सुई बसते. पण आपल्या यंत्रासोबत व्हीएम९५ई येत असताना केवळ बदल म्हणून रेड घेणे म्हणजे एका पायरीवरून त्याच उंचीच्या दुसऱ्या पायरीवर जाणे होईल. मूव्हिंग कॉइल (ज्यात चुंबकाऐवजी तारेचे वेटोळे हलते अशा) कार्ट्रिजचा विचार या बजेटमध्ये करू नये. त्याची सुई बहुधा घरी बदलता येत नाही, आणि त्यातल्या बहुतेकांचा संकेत इतका क्षीण असतो की वेगळा प्रीॲम्प (ॲम्प्लिफायरच्या आधी क्षीण संकेत वाढवणारे उपकरण) लागतो.

सुई कोणतीही असो, भार नीट लावला नाही तर पैसे वाया जातात. सुईचे आवरण काढावे, अँटिस्केट शून्यावर ठेवावे आणि मागचे काउंटरवेट हळूहळू फिरवत टोनआर्म हवेत आडवा तरंगेल असे करावे. मग वजन न हलवता फक्त पुढची आकड्यांची चकती शून्यावर आणावी, आणि त्यानंतर वजन व चकती एकत्र फिरवून २ ग्रॅमपर्यंत न्यावी. चकतीवर विसंबून राहू नये. सुईचा भार मोजण्याचा छोटा डिजिटल काटा स्वस्तात मिळतो; त्यावर १.८ ते २.२ ग्रॅमच्या दरम्यान आकडा दिसला पाहिजे. भार कमी ठेवला तर तबकडी जपली जाते, हा समज चुकीचा आहे. हलकी सुई खाचेच्या भिंतींवर आपटत जाते आणि तिथेच इजा करते. सुईचा भाग बदलल्यावर कार्ट्रिजचा कोन पुन्हा जुळवावा लागत नाही, भार तेवढा पुन्हा मोजावा.

प्रीॲम्पबाबत एवढेच की एटी-एलपी१२०एक्समध्ये तो अंगभूत आहे. घरातल्या जुन्या ॲम्प्लिफायरला ‘फोनो’ असे लिहिलेली जागा असेल, तर यंत्राच्या मागचे बटण फिरवून अंगभूत प्रीॲम्प बंद करावा. दोन्ही एकदम चालू राहिले तर आवाज फुगतो आणि फाटतो.

७८च्या तबकड्यांसाठी वेगळी सुई लागतेच. १९४८मध्ये अमेरिकेत कोलंबियाने एलपी आणली तेव्हा खाच खूपच अरुंद झाली. एलपीच्या गोल सुईच्या टोकाची त्रिज्या सुमारे १८ मायक्रॉन असते, तर ७८ला सुमारे ७५ मायक्रॉनची सुई लागते. एलपीची सुई ७८वर ठेवली तर ती खाचेच्या तळाशी लोळत जाते आणि गाण्यापेक्षा खरखरच जास्त ऐकू येते. व्हीएम९५ मालिकेत यासाठी ‘एसपी’ प्रकार आहे. तो दुसऱ्या हेडशेलवर कायमचा बसवून ठेवावा, म्हणजे हेडशेल बदलून भार सुमारे ५ ग्रॅमवर नेला की काम झाले. ती सुई चुकूनही एलपीवर टेकवू नये. जुन्या ध्वनिमुद्रिका सगळ्याच नेमक्या ७८च्या वेगाने मुद्रित झालेल्या नाहीत. वेगाची सरकपट्टी इथे उपयोगी पडते: गायकाची पट्टी ठाऊक असेल, तर पेटीच्या सुराशी षड्ज मिळेपर्यंत वेग जुळवता येतो.

लेबलावरची अक्षरेही पाहत जा. एचएमव्हीच्या एलपीवर ‘ईसीएलपी’ असेल तर ती मोनो आणि ‘ईसीएसडी’ असेल तर स्टीरिओ. मोनो तबकडी स्टीरिओ कार्ट्रिजवर बिनधास्त वाजवावी. ॲम्प्लिफायरवर मोनोचे बटण असल्यास ते दाबावे, खरखर बरीच कमी होते.

नवी सुई लावण्याआधी तबकड्या धुऊन घ्या. आपल्याकडच्या पावसाळ्यात खाचांत बुरशी बसते, आणि ती कोरड्या ब्रशने जात नाही. एलपीसाठी डिस्टिल्ड वॉटर आणि त्यात सौम्य साबणाचे थेंबभर द्रावण पुरते. लेबल कोरडे ठेवावे आणि तबकडी उभी करून वाळवावी. ७८च्या तबकड्या मात्र लाखेच्या असतात आणि लाख अल्कोहोलमध्ये विरघळते, त्यामुळे बाजारात मिळणारे सफाईचे द्रव त्यांच्यावर वापरण्याआधी बाटलीवरचे घटक वाचावेत आणि अल्कोहोल दिसले तर ती बाटली फक्त एलपीसाठी ठेवावी.