ॲप काढलं, तरी पैसे का कापले जातात?

सबस्क्रिप्शनबद्दल येणाऱ्या प्रश्नांच्या मुळाशी बहुतेक वेळा एकच घोटाळा असतो. ॲपच्या कंपनीशी ठरलेला व्यवहार वेगळा, आणि खात्यातून पैसे काढायला आपण दिलेली संमती, म्हणजे मँडेट, वेगळं. एक बंद केलं की दुसरंही बंद झालं असं धरून चालणाऱ्यांचेच पैसे जातात. पुढची उत्तरं वाचताना एवढं ध्यानात ठेवा.

प्रश्न : ॲप मोबाइलमधून काढून टाकलं. तरी पुढच्या महिन्यात २९९ रुपये गेले. असं कसं?

ॲप काढल्याने फोनमधली जागा मोकळी होते, सबस्क्रिप्शन चालूच राहतं.

प्रश्न : मग रद्द नेमकं कुठे करायचं? मुलगा म्हणतो प्ले स्टोअरमध्ये, बँकेतले म्हणतात यूपीआय ॲपमध्ये.

दोघंही बरोबर असू शकतात. पैसे कोणत्या वाटेने गेले ते आधी खात्याच्या किंवा कार्डाच्या स्टेटमेंटमध्ये पाहा.

नोंद गूगल प्लेच्या नावाने असेल तर प्ले स्टोअर उघडा, उजव्या कोपऱ्यातल्या आपल्या फोटोवर टॅप करा, ‘पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स’मध्ये ‘सबस्क्रिप्शन्स’ उघडा, ते ॲप निवडा आणि ‘कॅन्सल सबस्क्रिप्शन’ दाबा. यादी रिकामी दिसली म्हणून सबस्क्रिप्शन नाही असं समजू नका. फोनमध्ये दोन-तीन जीमेल खाती असली की ज्या खात्यावरून ते घेतलं त्याच खात्यात ते दिसतं. फोटोवर टॅप करून खातं बदला आणि पुन्हा पाहा. आयफोनवर सेटिंग्जमध्ये सगळ्यात वर आपलं नाव असतं, त्यात ‘सबस्क्रिप्शन्स’.

नोंद थेट कंपनीच्या नावाने यूपीआयमधून असेल तर दोन कामं करावी लागतात. आधी त्या ॲपच्या किंवा वेबसाइटच्या ‘अकाउंट’ पानावर प्लॅन रद्द करा. मग आपल्या यूपीआय ॲपमध्ये प्रोफाइलच्या फोटोवर टॅप करून ‘ऑटोपे’ उघडा आणि ते मँडेट रद्द करा. इथे आपला यूपीआय पिन विचारला जातो आणि तो टाकावा लागतो. फोनमध्ये फोनपे, गूगल पे, पेटीएम असं सगळंच असेल तर ज्या ॲपमधून मँडेट दिलं ते आधी उघडा. आठवत नसेल तर प्रत्येकात पाहा.

कार्डावरून पैसे जात असतील तर कंपनीकडे रद्द केल्यावर बँकेच्या नेटबँकिंगमध्ये किंवा ॲपमध्ये ‘ई-मँडेट’ अथवा ‘स्टँडिंग इन्स्ट्रक्शन’ हा भाग शोधा. सापडला नाही तर शाखेत विचारा.

‘पॉज’ आणि ‘कॅन्सल’ ही दोन बटणं शेजारी असतात. पॉज केलेलं सबस्क्रिप्शन मुदत संपली की पुन्हा सुरू होतं. रद्द झाल्याचा ईमेल किंवा संदेश येईपर्यंत काम झालं असं मानू नका, आणि आला की त्याचा स्क्रीनशॉट ठेवा.

प्रश्न : रद्द केल्यावर उरलेले दिवस ॲप वापरता येईल का?

पैसे भरले असतील तर साधारणपणे मुदत संपेपर्यंत येतं. आयफोनवरच्या काही मोफत ट्रायल मात्र रद्द करताच थांबतात. तरीही ट्रायल संपायच्या किमान २४ तास आधी रद्द करा, ॲपलचीच तशी सूचना आहे.

प्रश्न : ‘१ रुपयात ७ दिवस’ अशी जाहिरात पाहून मालिकांचं एक ॲप घेतलं. पिन एकदाच टाकला होता. आठव्या दिवशी पिन न विचारता ४९९ रुपये गेले. ही बँकेची चूक नाही का? पैसे परत मिळतील का?

बँकेची चूक नाही. तुम्ही पिन टाकलात तो १ रुपयासाठी नव्हता, पुढच्या सगळ्या हप्त्यांच्या संमतीसाठी होता. हेच लोकांपर्यंत पोहोचत नाही, म्हणून जरा सविस्तर सांगते.

यूपीआय ऑटोपे ही सोय नॅशनल पेमेंट्स कॉर्पोरेशनने जुलै २०२० मध्ये आणली. कार्डावरच्या आवर्ती व्यवहारांसाठी रिझर्व्ह बँकेची चौकट ऑगस्ट २०१९ मध्ये ठरली आणि १ ऑक्टोबर २०२१ पासून सक्तीने लागू झाली. दोन्हींचं तत्त्व सारखं आहे : मँडेट देताना एकदा पिन किंवा ओटीपी, त्यानंतर ठरावीक मर्यादेपर्यंतचे हप्ते न विचारता. ही मर्यादा सुरुवातीला २,००० रुपये होती, मग ५,००० झाली, आणि जून २०२२ पासून बहुतेक व्यवहारांसाठी १५,००० रुपये आहे. म्हणजे ४९९ रुपयांसाठी पिन विचारला जाणारच नव्हता. वीजबिल, विम्याचा हप्ता, एसआयपी विसरू नये म्हणून केलेली ही चांगली सोय आहे. तिचा गैरफायदा घेतला जातो तो पहिल्या पडद्यावर.

जाहिरातीत ‘१ रुपया’ ठळक अक्षरात असतो. पिन टाकायच्या आधी यूपीआय ॲपचा जो पडदा येतो, त्यावर खरी गोष्ट लिहिलेली असते, आणि तोच कोणी वाचत नाही. पहिली पाहायची ती रक्कम. ‘अपटू’ किंवा ‘मॅक्स’ असा शब्द असेल तर तिथला आकडा कमाल मर्यादा आहे. १ रुपयाच्या ट्रायलसाठी ९९९ रुपयांपर्यंतची संमती मागितली जात असेल तर तिथेच थांबा. मग वारंवारता. ‘मंथली’ म्हणजे महिन्याला एकदा, हे समजतं. पण ‘ॲज प्रेझेंटेड’ लिहिलं असेल तर कंपनी मागेल तेव्हा, असा त्याचा अर्थ. मालिका बघायच्या ॲपला अशी मोकळीक द्यायचं काहीही कारण नाही. त्याखाली शेवटची तारीख असते. ७ दिवसांच्या ट्रायलसाठी मँडेट दहा-वीस वर्षांचं निघू शकतं. आणि पैसे घेणाऱ्याचं नाव पाहा, कारण ते बरेचदा ॲपच्या नावापेक्षा वेगळं असतं आणि पुढे स्टेटमेंटमध्ये तेच दिसतं. पैसे कोणी घेतले हे पुष्कळांना कळत नाही, ते यामुळेच. या पडद्याचा स्क्रीनशॉट काढायची सवय लावून घ्या.

घेण्याचं बटण पहिल्याच पानावर आणि रद्द करायचं बटण चार पानं आत, वर ‘खरंच जाताय का?’ असे दोन-तीन प्रश्न, ही मांडणी चुकून होत नाही. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ३० नोव्हेंबर २०२३ रोजी ‘डार्क पॅटर्न’विषयी, म्हणजे ग्राहकाला फसवणाऱ्या अशा मांडणीविषयी, मार्गदर्शक तत्त्वं अधिसूचित केली. त्यात असे १३ प्रकार दिले आहेत आणि ‘सबस्क्रिप्शन ट्रॅप’ हा त्यांपैकी एक. रद्द करणं अशक्य किंवा विनाकारण किचकट करणं, रद्द करण्याचा पर्याय लपवणं, मोफत ट्रायलसाठी आपोआप पैसे कापायची संमती भाग पाडून घेणं, हे सगळं त्यात येतं. नियम आपल्या बाजूने आहे. तक्रार मात्र आपल्यालाच करावी लागते.

आता तुमच्या ४९९ रुपयांचं. आजच्या आज मँडेट रद्द करा, नाहीतर पुढच्या महिन्यात आणखी जातील. मग कंपनीला ईमेलवर, लेखी, परतावा मागा. व्यवहाराची तारीख, यूटीआर क्रमांक (स्टेटमेंटमध्ये दिसणारा व्यवहाराचा ओळख क्रमांक), ट्रायलच्या जाहिरातीचा स्क्रीनशॉट जोडा. उत्तर आलं नाही किंवा नकार आला तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला १९१५ वर तक्रार नोंदवा आणि तिचा क्रमांक जपून ठेवा. बँकेकडेही तक्रार करा, पण पिन तुम्हीच टाकलेला असल्याने बँक हा व्यवहार तुमच्या संमतीचा धरते, तेव्हा भर कंपनीकडच्या तक्रारीवर ठेवा. रक्कम मोठी असेल तर जिल्हा ग्राहक आयोगात जायचं का, हे ग्राहक पंचायतीच्या कार्यकर्त्याला किंवा वकिलाला कागद दाखवून ठरवा.

यापुढे अशी ट्रायल घ्यायचीच असेल तर घेतल्या दिवशीच मँडेट रद्द करा. ‘सातव्या दिवशी करू’ म्हणणाऱ्यांना आठवण होते ती आठव्या दिवशी, पैसे गेल्याचा मेसेज पाहून.

प्रश्न : पैसे कापायच्या आधी कळवायला हवं ना? मला काहीच आलं नाही.

किमान २४ तास आधी सूचना देणं बंधनकारक आहे. त्यात कंपनीचं नाव, रक्कम, तारीख असते आणि कार्डाच्या ई-मँडेटमध्ये तो हप्ता किंवा पूर्ण मँडेट नाकारायचीही सोय द्यावी लागते. सूचना एसएमएस किंवा ईमेलने येते. ईमेलचा ‘प्रमोशन्स’ भाग, स्पॅम आणि यूपीआय ॲपच्या नोटिफिकेशन नीट तपासा. बँकेत जुना मोबाइल नंबर असेल तर तो आधी बदलून घ्या. फास्टॅग आणि नॅशनल कॉमन मोबिलिटी कार्ड (मेट्रो, बस यांच्या भाड्याचं कार्ड) आपोआप भरलं जातं तेव्हा ही आगाऊ सूचना लागत नाही, ऑगस्ट २०२४ पासून तशी सूट आहे. बाकी व्यवहारात सूचना खरोखरच आली नसेल तर बँकेकडे लेखी तक्रार करा. ३० दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं.

प्रश्न : शेजारी म्हणतात, खात्यात पैसेच ठेवू नका, दोन महिन्यांत आपोआप बंद होईल. किंवा कार्ड ब्लॉक करा.

असल्या सल्ल्यांवर चालू नका. खात्यात पैसे नसले तर हप्ता फसतो, मँडेट जिवंत राहतं. यूपीआय ऑटोपेमध्ये एका हप्त्यासाठी पहिल्या प्रयत्नानंतर आणखी तीनदा प्रयत्न होऊ शकतो, म्हणजे पगार जमा झाल्या झाल्या तेच पैसे जायची शक्यता आहे. मँडेट एनएसीएचचं, म्हणजे बँक खात्यातून थेट हप्ते कापायच्या व्यवस्थेतलं, असेल तर हप्ता परत गेल्याचा दंड बँक लावते, वर जीएसटी. कार्ड ब्लॉक केलं तरी कंपनीशी झालेला करार मोडत नाही, आणि वार्षिक करार असेल तर कंपनी थकबाकी मागू शकते. रद्द करायला पाच मिनिटं लागतात, ती द्या.

प्रश्न : ऑटोपेची यादी उघडली तर त्यात कर्जाचा हप्ता आणि एसआयपीही दिसते. सगळंच रद्द केलं तर?

करू नका. कर्जाचं मँडेट रद्द केल्याने कर्ज फिटत नाही. हप्ता चुकतो, दंड लागतो आणि क्रेडिट स्कोअर घसरतो. विम्याचं रद्द केलं आणि हप्ता भरायचं राहिलं तर पॉलिसी बंद पडू शकते. कंपनी ओळखीची वाटत नसेल तर त्या नावाने गेल्या सहा महिन्यांत काय गेलं ते पाहा. शंका असेल तर रद्द करण्याआधी बँकेला विचारा.

प्रश्न : रद्द करण्यासाठी इंटरनेटवर कस्टमर केअरचा नंबर शोधला. त्यांनी एक ॲप घ्यायला सांगितलं, ‘रिफंड’साठी क्यूआर कोडही पाठवला.

तो ठग आहे. फोन ठेवा, ते ॲप काढा, पिन बदला. पैसे घ्यायला पिन कधीच लागत नाही. मँडेट रद्द करताना पिन लागतो तो आपण स्वतः उघडलेल्या यूपीआय ॲपमध्ये, दुसऱ्याने पाठवलेल्या लिंकवर किंवा स्क्रीन त्याला दिसत असताना नाही. पैसे गेले असतील तर याच क्षणी १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर कळवा आणि लगेच बँकेला. उद्यावर टाकू नका. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार, पिन स्वतः दिल्यासारखा निष्काळजीपणा असेल तर बँकेला कळवेपर्यंतचं नुकसान खातेदाराचं असतं.

प्रश्न : आईच्या साध्या फोनच्या रिचार्जमधून अधूनमधून पैसे कमी होतात. तिच्याकडे तर ॲपच नाही.

कॉलर ट्यून, राशिभविष्य यांसारखी मूल्यवर्धित सेवा चालू असणार. १५५२२३ हा सगळ्या कंपन्यांसाठीचा विनाशुल्क क्रमांक आहे, तिथे फोन करून बंद करा.

प्रश्न : नातवाने खेळात माझ्या फोनवरून खरेदी केली.

गूगल प्लेवरची असेल तर ४८ तासांच्या आत गूगलकडेच परतावा मागा, त्यानंतर खेळाच्या कंपनीकडे जावं लागतं. ॲपलवर ‘रिपोर्ट अ प्रॉब्लेम’ या पानावर. आणि प्ले स्टोअरच्या सेटिंग्जमध्ये प्रत्येक खरेदीला पडताळणी लागेल असं आजच करून ठेवा.

प्रश्न : वडील नुकतेच गेले. त्यांच्या खात्यातून दरमहा काही ना काही जातंय. त्यांचा पिन मला माहीत आहे. मी रद्द करू का?

पिन वापरू नका. खातेदाराच्या पश्चात त्याच्या पिनने केलेलं काहीही अडचणीत आणू शकतं, हेतू कितीही चांगला असला तरी. मृत्यूचा दाखला घेऊन शाखेत जा आणि लेखी कळवा. क्रेडिट कार्ड वेगळ्या बँकेचं असेल तर तिथेही. मात्र त्याआधी सहा महिन्यांचं पासबुक काढून पाहा, कारण अशा खात्यातून आईच्या आरोग्य विम्याचा हप्ता किंवा घराचं वीजबिल जात असणं शक्य आहे. ते आधी दुसऱ्या खात्यावर वळवा. त्यांचं सिमकार्डही लगेच बंद करू नका, आगाऊ सूचना त्याच नंबरवर येत असतात. एकापेक्षा जास्त वारस असतील किंवा नामनिर्देशन नसेल तर पुढचं पाऊल बँकेच्या व्यवस्थापकाला आणि वकिलाला विचारूनच टाका.