बसालेल की बेझलेल? या हिब्रू नावाचा नेमका अर्थ काय, आणि मुलाला ठेवावं का?

तुम्ही लिहिलंय की तुमचं ख्रिस्ती घर नगरकडचं, बाळासाठी बायबलमधलंच पण डेव्हिड, सॅम्युअल, डॅनियलसारखं गल्लोगल्ली नसलेलं नाव हवंय, मराठी बायबलमध्ये 'बसालेल' वाचलं आणि आवडलं, पण गुगल केल्यावर 'बेझलेल' आलं आणि अर्थ एका साइटवर 'देवाची सावली', दुसरीवर 'देवाची प्रतिमा', तिसरीवर नुसतं 'संरक्षण', मग खरं काय. मी बेने इस्राएल, म्हणजे कोकणातला मराठी ज्यू, ठाण्यात वाढलो, हे नाव लहानपणापासून तोरा (बायबलची पहिली पाच पुस्तकं) वाचताना ऐकत आलोय आणि माझं फार आवडतं आहे, त्यामुळे उत्तर थोडं लांबेल.

आधी सरळ अर्थ सांगतो. देवाच्या सावलीत. हिब्रूत हे नाव पाच अक्षरांत लिहितात, बेत, त्सादी, लामेद, आलेफ, लामेद. पहिलं 'बे' म्हणजे 'मध्ये', आपला सप्तमीचा प्रत्यय समजा, फक्त तो शब्दाच्या आधी लागतो. 'त्सेल' म्हणजे सावली. शेवटचा 'एल' म्हणजे देव, जो डॅनियल, सॅम्युअल, इस्राएल सगळ्यांच्या शेपटाला आहे तोच.

'देवाची प्रतिमा' हा अर्थ सोडून द्या. प्रतिमेला हिब्रूत 'त्सेलेम' म्हणतात, उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायात माणूस देवाच्या प्रतिरूपात निर्माण केला असं म्हटलंय तिथे तो शब्द येतो, ऐकायला जवळचा आहे पण त्यात शेवटी 'मेम' म्हणजे आपला म लागतो आणि या नावात म कुठेच नाही. बहुतेक त्या सारखेपणामुळेच गोंधळ झाला असावा.

'देवाची सावली' मात्र जवळजवळ बरोबर वाटतं म्हणून त्यावर जास्त बोलतो, कारण माझ्या मते या नावाची सगळी गंमत 'सावलीत' मधल्या त्या एका 'त' मध्ये आहे. 'देवाची सावली' हे वेगळंच प्रकरण आहे आणि ते आपल्याकडे सगळ्यांनी ऐकलेलंय, मुघल बादशहाला दरबारात 'झिल्ले इलाही' म्हणायचे ना, जुन्या हिंदी पिक्चरमध्ये आणि सिरियलमध्ये सारखं येतं, त्याचा अर्थ तोच, देवाची सावली. आणि ते शब्दसुद्धा एकमेकांचे सख्खे आहेत, अरबीतला 'झिल्ल' आणि हिब्रूतला 'त्सेल' एकाच मुळातून आलेले, अरबीतला 'इलाह' आणि हिब्रूतला 'एल' पण एकाच घरातले. म्हणजे शब्द तेच पण अर्थाची दिशा पूर्ण उलटी. बादशहा म्हणतो की देवाची सावली जमिनीवर पडते ती म्हणजे मी, तुम्ही माझ्याखाली या. बसालेल या नावात माणूस स्वतः कोणावर सावली धरत नाही, तो दुसऱ्याच्या सावलीत उभा आहे. तुमच्या मुलाला कोणी अर्थ विचारला तर त्याने 'देवाच्या सावलीत' असंच सांगावं, हा फरक मला खूप महत्त्वाचा वाटतो.

सावली म्हणजे काहीतरी अंधारं, अशुभ, असं कोणी नातेवाईक म्हणाले तर त्यांना सांगा की हा वाळवंटाकडच्या लोकांचा शब्द आहे, तिकडे सावली म्हणजे जीव वाचणं. स्तोत्र ९१ च्या पहिल्याच ओळीत सर्वसमर्थाच्या सावलीत राहणाऱ्याबद्दल आहे, तिथे हिब्रूत 'बेत्सेल शद्दाय' येतं, नावातला तोच 'बेत्सेल', आणि स्तोत्र १२१ मध्ये परमेश्वर तुझ्या उजव्या हाताला तुझी सावली आहे असं आहे. आपल्या 'छत्रछाया' मध्ये जी भावना आहे ना, अगदी तीच. आणि असं नाव ठेवायची पद्धत एकट्या इस्राएल लोकांची पण नव्हती, इ.स.पू. ७०१ च्या सुमाराला असीरियाचा राजा सन्हेरीब याच्या नोंदींमध्ये गाझाच्या एका राजाचं नाव सिल्लीबेल असं येतं, त्यातही पहिला तुकडा सावलीचा आणि दुसरा बेल नावाच्या देवाचा. म्हणजे त्या सगळ्या पट्ट्यात आपलं मूल देवाच्या सावलीखाली असावं असं आईबापांना वाटायचं.

आता माणूस. नावाच्या साइटवाले एका ओळीत अर्थ देऊन मोकळे होतात पण बायबलमधलं नाव ठेवताना ते नाव ज्याने वागवलं तो माणूस बघायलाच हवा, नाहीतर अर्धंच नाव ठेवलं असं होतं. निर्गम ३१ मध्ये देव मोशेला म्हणतो की यहूदा वंशातला, ऊरीचा मुलगा आणि हूराचा नातू बसालेल याला मी नाव घेऊन बोलावलंय, आणि त्याला माझ्या आत्म्याने भरलंय, बुद्धी, समज, ज्ञान आणि सगळ्या प्रकारची कारागिरी दिलीय. हे वाक्य परत वाचा. हे राजाबद्दल नाही, याजकाबद्दल नाही, सोनं चांदी पितळ घडवणाऱ्या, रत्नं पैलू पाडून कोंदणात बसवणाऱ्या आणि लाकूड कोरणाऱ्या माणसाबद्दल आहे. ज्याला आपण मिस्त्री म्हणू, सोनार म्हणू, सुतार म्हणू, त्याच्या हातात देवाचा आत्मा आहे असं शास्त्र सांगतंय. आमच्या बेने इस्राएल लोकांमध्ये कोकणात पिढ्यान् पिढ्या तेलघाणी चालवली, शनिवारी घाणा बंद म्हणून 'शनिवार तेली' नाव पडलं, पुढे मुंबईत येऊन कित्येकजण सुतारकामात आणि बांधकामात गेले, त्यामुळे हा उतारा वाचताना मला नेहमी हाताने काम करणारी माणसंच डोळ्यासमोर येतात.

त्याने काय काय बनवलं ते निर्गम ३६ ते ३९ मध्ये सविस्तर आहे. वाळवंटातला निवासमंडप म्हणजे उपासनेचा तंबू, बाभळीच्या लाकडाचा कराराचा कोश म्हणजे दहा आज्ञांच्या पाट्या ठेवायची पेटी (अडीच हात लांब, दीड हात रुंद, दीड हात उंच, आतून बाहेरून सोन्याने मढवलेला), आणि तो दीपवृक्ष, ज्याला आम्ही मेनोरा म्हणतो, तो जोडकाम न करता एका किक्कार (वजनाचं जुनं माप) सोन्यातून ठोकून घडवलेला, फांद्या, वाट्या, कळ्या, फुलं सगळं एकाच तुकड्यातून. हात धुवायचं पितळी गंगाळ त्याने बायकांनी दिलेल्या आरशांपासून केलं, कारण तेव्हा आरसे घासून चकचकीत केलेल्या धातूचे असायचे. आणि मला सगळ्यात आवडणारा भाग म्हणजे लोक रोज सकाळी इतकं सामान आणून द्यायला लागले की कारागीर काम सोडून मोशेकडे गेले आणि म्हणाले पुरे झालं, गरजेपेक्षा जास्त येतंय, मग छावणीत दवंडी पिटावी लागली की आता कोणी काही आणू नका. वर्गणी नको म्हणून जाहीर करायची वेळ कुठल्या कमिटीवर येते का हो आजकाल.

निर्गम ३५ मध्ये अजून एक गोष्ट आहे जी पटकन वाचून पुढे जातो आपण, देवाने त्याच्या मनात शिकवण्याची बुद्धी पण घातली असं लिहिलंय, त्याच्या आणि त्याचा जोडीदार अहलियाब याच्या. नुसतं स्वतःला येणं वेगळं आणि दुसऱ्याच्या हातात ते उतरवणं वेगळं. अहलियाब दान वंशातला होता. अकराव्या शतकातले मोठे भाष्यकार राशी सांगतात की यहूदा म्हणजे सगळ्यात मोठा वंश आणि दान म्हणजे दासीच्या मुलांचा, खालचा समजला जाणारा, पण देवाने मंडपाच्या कामात दोघांना एका ओळीत बसवलं. जुळे झाले तर दुसऱ्याचं नाव तयार आहे तुमच्याकडे, अर्थ बापाचा तंबू.

वडिलांचं नाव ऊरी, म्हणजे माझा प्रकाश. प्रकाशाचा मुलगा सावलीतला, हे कोणी मुद्दाम जुळवलं की आपोआप जुळलं देव जाणे पण मला ते वाचताना दर वेळी छान वाटतं.

ज्यू परंपरेत या नावावरच बेतलेली एक गोष्ट तालमूदमध्ये, म्हणजे ज्यू धर्मगुरूंच्या चर्चांच्या जुन्या ग्रंथात आहे, बेराखोत नावाच्या भागात. देवाने मोशेला सांगितलं, बसालेलला जाऊन सांग, आधी मंडप कर, मग कोश, मग भांडी. मोशेने जाऊन उलटं सांगितलं, कोश कर, भांडी कर, मंडप कर. तर हा म्हणाला, मोशे गुरुजी, जगाची रीत अशी आहे की माणूस आधी घर बांधतो आणि मग त्यात सामान आणतो, मी भांडी आधी केली तर ठेवू कुठे, देवाने तुम्हाला मंडप, कोश, भांडी असं तर नव्हतं सांगितलं? तेव्हा मोशे म्हणाला, तू काय देवाच्या सावलीतच उभा होतास की काय, तुला कसं कळलं! त्याच पानावर असंही आहे की देवाने मोशेला विचारलं बसालेल तुला योग्य वाटतो का, मोशे म्हणाला तुला योग्य वाटतो तर मला वाटणारच, तरी देव म्हणाला नाही, जा आणि लोकांना विचार, आणि यावरून रब्बींनी, म्हणजे ज्यू धर्मगुरूंनी, नियम काढला की लोकांना विचारल्याशिवाय त्यांच्यावर पुढारी नेमायचा नाही. आकाश आणि पृथ्वी ज्या अक्षरांनी निर्माण झाली ती अक्षरं जुळवायची विद्या बसालेलला येत होती असंही तिथेच म्हटलंय. आणि तालमूदच्याच सनहेद्रिन या भागात हिशोब मांडून काढलंय की मंडप बांधला तेव्हा हा जेमतेम १३ वर्षांचा होता, म्हणजे आमच्यात मुलाची बार मित्स्वा (मुलगा धार्मिक दृष्ट्या वयात आल्याचा विधी) होते त्या वयाचा.

नाव दुर्मिळ का म्हणाल तर बायबलमध्येच हे नाव फार कोणाचं नाही, एज्रा १० मध्ये अजून एकजण येतो तेवढाच. पुढे मात्र युरोपात आणि पूर्वेकडच्या ज्यूंमध्ये ते टिकून राहिलं. सोळाव्या शतकात इजिप्तमध्ये बेत्सलेल अश्केनाझी नावाचे मोठे रब्बी होते, कबाला या ज्यू गूढविद्येतले प्रसिद्ध इसहाक लुरिया त्यांच्याकडे शिकले. प्रागचे रब्बी महाराल, जे १६०९ मध्ये वारले, त्यांचं पूर्ण नाव यहूदा लेव बेन बेत्सलेल, म्हणजे बेत्सलेलचा मुलगा. हे तेच ज्यांनी मातीचा गोलेम, म्हणजे माणसासारखा पुतळा, करून पवित्र अक्षरांनी त्याच्यात जीव घातला अशी दंतकथा आहे, ती कथा त्यांच्या नावाला खूप नंतर चिकटली, पण अक्षरांची विद्या येणाऱ्याचं नाव नेमकं त्यांच्या वडिलांचं असावं हे बघा. मग १९०६ मध्ये बोरिस शात्स या शिल्पकाराने जेरुसलेममध्ये कलेची शाळा काढली आणि तिला नाव दिलं बेत्सलेल, पैशाअभावी ती १९२९ मध्ये बंद पडली, १९३५ मध्ये परत सुरू झाली आणि आज इस्राएलमध्ये आर्ट शिकणाऱ्यांना हे नाव म्हटलं की आधी ती अकादमीच आठवते. शात्स यांनी १९१२ मध्ये झालेल्या आपल्या मुलाचं नाव पण बेत्सलेलच ठेवलं आणि तोही चित्रकार झाला. सध्या बातम्यांमध्ये इस्राएलचे मंत्री बेत्सलेल स्मोट्रिच यांच्यामुळे नाव ऐकू येतं, सर्च केलं की पहिले तेच येतील, हे आधीच माहीत असलेलं बरं.

आमच्या कोकणातल्या जुन्या लोकांमध्ये बायबलची नावं मराठी तोंडाला सोपी करून घेतलेली असायची, मुंबईत १७९६ मध्ये पहिलं सिनेगॉग (ज्यूंचं प्रार्थनास्थळ) बांधणारे सॅम्युअल इझिकेल दिवेकर घरात सामाजी हसाजी होते. त्यामुळे तुम्ही मराठी बायबलमधलं 'बसालेल' जसंच्या तसं ठेवलंत तर मला त्यात काही गैर वाटत नाही, घरी बसू, लेल काहीही हाक मारा.

पण मूळ उच्चार हवा असेल तर तो मराठी माणसाला फार सोपा आहे. इंग्रजीत झेड घालून लिहितात ते जर्मन पद्धतीने, जर्मनमध्ये झेडचा उच्चार त्स होतो, इंग्रजीवाल्यांनी ते अक्षर बघून झ केला आणि बेझलेल झालं. खरा आवाज आपल्या चाकातल्या, चुलीतल्या च चा आहे, चहातल्या च चा नाही. चाकातला च घेऊन 'बेचालेल' म्हणून बघा, जेरुसलेमचा माणूस लगेच ओळखेल. एक गोष्ट मात्र सांगून ठेवतो, हिब्रूत कांद्याला 'बात्साल' म्हणतात आणि नावातली पहिली तीन अक्षरं तीच आहेत, त्यामुळे मुलगा कधी इस्राएलमध्ये शाळेत गेला तर पोरं चिडवतील, नगरमध्ये तो प्रश्न नाही.

जन्मदाखल्यावर मराठीत बसालेल किंवा बेत्सलेल, जे ठरवाल ते एकच, आणि इंग्रजीत नुसत्या झेडऐवजी टी आणि झेड दोन्ही घाला म्हणजे उच्चार बरोबर राहील, मग आधार, शाळा, पासपोर्ट सगळीकडे तेच स्पेलिंग द्या, असल्या नावात ऑफिसवाले एखादा ए इकडचा तिकडे करतातच, त्यामुळे दाखला हातात आला की काउंटरवरच उभं राहून एकेक अक्षर तपासून घ्या.