आधी होडी गेली की माणूस?

तुमचा इथे टाकलेला प्रश्न मेडिकल कोडिंगचा, म्हणजे पेशंटच्या नोंदी वाचून विम्याच्या क्लेमसाठी इजेचे आणि तिच्या कारणाचे कोड लावण्याचा. चार्ट थोडक्यात असा: अमेरिकेतला ईडी (इमर्जन्सी विभाग) पेशंट. नदीत कयाक उलटली, काही सेकंद पाण्याखाली अडकला, मित्राने ओढून काढलं. खोकला, ऑक्सिजन ८६ टक्के, उजवा खांदा निखळलेला. तुम्ही पहिला कोड टी ७५.१ आणि कारणासाठी व्ही ९२.०५ लावलात, ऑडिटमध्ये दोन्ही चुकले म्हणून परत आले.

सगळ्यात आधी प्रश्नातलं नदीचं नाव आणि तारीख उडवा. पेशंटचं नाव नसलं तरी तेवढ्यावरून माणूस सापडतो. हिपाचं (अमेरिकेचा पेशंटच्या गोपनीयतेचा कायदा) ट्रेनिंग वर्षातून एकदा उगाच घेत नाहीत.

आता व्ही ९२. अपघात होडीला झाला, म्हणजे ती उलटली, बुडाली, चेपली आणि त्यामुळे माणूस पाण्यात गेला, तर व्ही ९०. होडी धडधाकट आहे, माणूसच तोल जाऊन पडला, तर व्ही ९२. तुमच्या नोटेत कयाक उलटल्याचं स्पष्ट लिहिलंय, म्हणजे व्ही ९०.०५. त्यातला ५ कॅनू-कयाकचा. हवा भरलेला राफ्ट असता तर ६. गूगलवर व्ही ९०.५ सापडेल, तो डब्ल्यूएचओच्या मूळ आयसीडी-१० मधला, म्हणजे आजारांच्या जागतिक कोडयादीतला; आपले वरचे कोड तिच्या अमेरिकन आवृत्तीतले. आपल्याकडे मृत्यूच्या कारणांचं कोडिंग केलेली मंडळी हमखास तोच लावतात. अमेरिकन क्लेमवर तो चालत नाही. शिवाय सहाव्या जागी एक्स भरून सातवं अक्षर ए. ए म्हणजे पहिली भेट नव्हे, सक्रिय उपचार चालू आहेत तोवर ए.

टी ७५.१ चं नाव नीट वाचा: बुडण्याचे 'अनिर्दिष्ट' परिणाम. त्याच्याखालीच एक्सक्लूड्स-वनची (हे दोन कोड एकत्र लावू नका, अशी) टीप आहे की परिणाम सांगितलेला असेल तर त्या परिणामाचा कोड लावा. डॉक्टरने अक्यूट हायपॉक्सिक रेस्पिरेटरी फेल्युअर (ऑक्सिजन घटून श्वसन अचानक निकामी होणं) लिहिलं असेल तर जे ९६.०१ येतो आणि टी ७५.१ बाहेर जातो. पण ८६ हा आकडा आहे, निदान नाही. आकड्यावरून निदान आपण बनवायचं नसतं. अंगाचं तापमान कमी दिसलं म्हणून टी ६८ (हायपोथर्मिया) लावणारेही पाहिलेत, तीच चूक. नोटेत नुसतंच 'ड्राउनिंग, निरीक्षणाखाली ठेवा' असेल तर मात्र टी ७५.१ बरोबर.

मराठीत 'बुडाला' म्हटलं की माणूस गेला असंच डोक्यात येतं, म्हणून फ्रेशर्स जिवंत पेशंटला ड्राउनिंग लावायला बिचकतात. २००२ च्या अ‍ॅमस्टरडॅम परिषदेत ठरलेली व्याख्या वेगळी आहे: द्रवात बुडल्याने श्वसनात अडथळा येण्याची प्रक्रिया म्हणजे ड्राउनिंग, मग पेशंट वाचो वा न वाचो. ड्राउनिंगला 'निअर', 'ड्राय', 'सेकंडरी' हे शब्द वापरू नयेत असंही तिथेच ठरलं. ईडी नोट्समध्ये ते अजून येतात, त्यांना बिचकू नका.

खांद्याकडे तुमचं लक्षच गेलेलं दिसत नाही. व्ही ९० फक्त बुडण्यासाठी. होडीच्या अपघातात झालेली इतर इजा व्ही ९१ मध्ये जाते, इथे व्ही ९१.८५. पण थांबा. कयाकवाल्यांचा खांदा बऱ्याचदा होडी उलटण्याआधीच जातो. कलणारी होडी सावरायला माणूस वल्हं डोक्याच्या वर नेऊन पाण्यावर टेकवतो, कोपर खांद्याच्या वर जातं आणि पाण्याचा झटका बसला की हाड पुढे सटकतं. मग ती अतिश्रमाची इजा, एक्स ५०.०. माझा असाच एक चार्ट परत आला होता. डॉक्टरच्या नोटेत काही नव्हतं, पेशंट आल्या आल्या तपासणाऱ्या ट्रायाज नर्सने मात्र लिहून ठेवलं होतं: 'आधी खट् आवाज, मग उलटली.' तेव्हापासून नर्सची नोट आणि अ‍ॅम्ब्युलन्सचा कागद वाचल्याशिवाय मी व्ही कोडला हात लावत नाही. आणि खांद्याच्या इजेचा स्वतःचा कोड: एस ४३.०११ म्हणजे उजव्या खांद्याचं पुढच्या बाजूचं सबलक्सेशन, अर्धवट निखळणं. पूर्ण निखळलेल्याला ०१४. ड्रॉपडाऊनमध्ये ०११ आधी दिसतो, तिथेच घात होतो.

बाकी किरकोळ. वाय ९३.१६ (पेशंट कयाकिंगसारखं काही करत होता, हे सांगणारा) एकदाच, पहिल्या भेटीत. हौशी असेल तर वाय ९९.८, पगारी राफ्टिंग गाइड असेल तर वाय ९९.०. व्ही ते वाय हे कारणांचे कोड पहिल्या जागी कधीच नाहीत.

नोटेत फेल्युअर नसेल तर डॉक्टरला क्वेरी (लेखी विचारणा) पाठवा, पण 'रेस्पिरेटरी फेल्युअर होता का?' असं विचारू नका, ते उत्तर तोंडात घालणं झालं. ऑक्सिजन ८६, श्वासाचा वेग, दिलेला ऑक्सिजन एवढं मांडा आणि 'यामागचं निदान नोंदवावं' इतकंच लिहा. खांद्याचंही त्यातच विचारा, आधी खांदा की आधी होडी. उत्तर आलं की इथे टाका, नदीचं नाव न टाकता.